ठासणीपासून लोडरपर्यंत : बार भरण्याच्या कष्टांचा इतिहास

१)
मॅगझिन लोडर हे मुठीत मावणारे, बहुधा प्लास्टिकचे एक छोटे साधन आहे. पिस्तुलाच्या मॅगझिनमध्ये काडतुसे भरताना स्प्रिंगचा जो दाब अंगठ्याला सोसावा लागतो, तो हे साधन स्वतःवर घेते. सराव नव्याने सुरू करणाऱ्या नेमबाजापुढे प्रश्न असतो तो एवढाच, की लोडर स्वस्तातला घ्यावा की महागातला? प्रश्न किरकोळ वाटतो. परंतु बार भरण्याचे कष्ट कोणी आणि कशाने उचलायचे, हा प्रश्न किमान चारशे वर्षे जुना आहे. त्याचा माग काढत गेल्यास ठाण्याचा किल्ला, १८५७ चे बंड, १८७८ चा कायदा आणि ठाण्याच्या तुरुंगातील तीन फाशी, इथपर्यंत जाऊन पोहोचता येते. हा धागा त्या प्रवासाचा.

२)
प्रारंभ भाषेपासून करू. बंदुकीत दारू व गोळी भरणे म्हणजे 'बार भरणे'. लग्नाचा बार उडतो, एखाद्याचा बार फुसका निघतो. हे वाक्प्रचार त्याच बारातून आले. नळीच्या तोंडातून दारू, गोळी आणि चिंधी गजाने ठासून भरायची ती 'ठासणीची बंदूक'. कोकणात हा शब्द अजूनही जिवंत आहे. शेतीरक्षणाच्या परवान्यांच्या आणि रानडुकराच्या शिकारीच्या बातम्यांत तो आजही भेटतो. 'काडतूस' आणि 'पिस्तूल' हे दोन्ही शब्द मात्र मराठीने पोर्तुगिजांकडून घेतले. उत्तर कोकणाच्या किनाऱ्यावर दोनशे वर्षे पोर्तुगीज सत्ता होती, त्या सहवासाची ही खूण.

३)
या इतिहासाचे एक केंद्र आजही ठाण्यात उभे आहे. ठाण्याचा किल्ला पोर्तुगिजांनी १७३० च्या सुमारास बांधावयास घेतला. बांधकाम अपुरे असतानाच १७३७ मध्ये मराठ्यांनी तो घेतला आणि साष्टी त्यांच्या हाती आली. पुढे मे १७३९ मध्ये चिमाजी आप्पांनी वसई जिंकली. १७७४ मध्ये ठाणे इंग्रजांकडे गेले. याच किल्ल्यातून १८१६ मध्ये त्र्यंबकजी डेंगळे निसटले. एकोणिसाव्या शतकात किल्ल्याचा तुरुंग झाला आणि आज तेच ठाण्याचे मध्यवर्ती कारागृह आहे. धाग्याच्या उत्तरार्धात या वास्तूकडे पुन्हा यावे लागेल.

४)
अठराव्या शतकाच्या पूर्वार्धात बहुतेक मराठी शिपायांच्या हाती तोड्याची बंदूक होती. ती भरण्याची रीत अशी : शिंगातून मापाने दारू नळीत ओतायची. त्यावर गोळी सोडायची. गज काढून दोन्ही ठासून बसवायची. गज पुन्हा जागेवर ठेवायचा. बंदुकीच्या कानाशी असलेल्या वाटीत बारीक रंजक घालायचे. पेटती जामगी चिमट्यात नीट बसवून तिच्यावर फुंकर घालायची. मग नेम धरायचा आणि चाप ओढायचा. पाऊस, वारा किंवा घाई यांपैकी एकानेही साखळीतील एक कडी तुटू शकत असे. युरोपात १६०७ साली याकोब द खाइन याने बंदूक हाताळण्याच्या कवायतीचे सचित्र पुस्तक छापले, त्यात या कामाच्या चाळीसहून अधिक स्वतंत्र स्थिती दाखवल्या आहेत.

५)
या संथपणाचा रणांगणावरील अर्थ साध्या गणिताने कळतो. तोड्याच्या बंदुकीचा एक बार भरण्यास साधारण एक मिनिट किंवा त्याहून अधिक वेळ लागे. तिचा भरवशाचा पल्ला सुमारे शंभर मीटर. भरधाव सुटलेला घोडा तेवढे अंतर दहा-पंधरा सेकंदांत तोडतो. म्हणजे पहिला बार चुकला, तर दुसरा भरून होण्याआधीच स्वाराची तलवार शिपायापर्यंत पोहोचणार. मराठ्यांनी घोडदळावर भर दिला त्यामागे भूगोल, महसूल आणि परंपरा अशी अनेक कारणे होती. परंतु बंदूक भरण्यास लागणारा हा वेळही त्यांत मोजला पाहिजे.

६)
मग हा वेळ कमी कसा करायचा? युरोपातील पहिले उत्तर होते आधीच मोजून ठेवलेली दारू. शिपाई छातीवरच्या पट्ट्याला लाकडी कुप्या लटकवत. एका कुपीत एका बारापुरती दारू. दुसरे उत्तर कागदाचे. कागदाच्या लहान सुरळीत दारू आणि गोळी एकत्र गुंडाळून ठेवायची, वेळेला सुरळी फोडायची, दारू ओतायची आणि उरलेला कागद गोळीसह ठासायचा. हेच मूळ काडतूस. ते ठेवण्याच्या चामडी पेटीला आपल्याकडे 'तोसदान' म्हणत. भरण्याचे अर्धे काम रणांगणावरून उचलून आदल्या दिवशीच्या निवांत वेळेत नेणे, ही या दोन्ही उपायांमागील कल्पना. आजच्या लोडरच्या वंशावळीत कुपी व सुरळी या दोघींना पूर्वजांचे स्थान द्यावे लागेल.

७)
चकमकीच्या बंदुकीने जामगीची कटकट संपवली. कागदी काडतूस व चकमक यांच्या जोडीने कवायती शिपाई मिनिटाला दोन ते तीन बार काढू लागला. परंतु हा वेग बंदुकीत नव्हता, तो कवायतीत होता. रोजचा सराव, सरावासाठी जळणारी दारू आणि नियमित पगार यांशिवाय तो टिकत नसे. सरंजामी पद्धतीत सरदार आपापली माणसे व हत्यारे घेऊन येई. सर्वांना एकाच मापाची काडतुसे आणि एकच कवायत देणे त्या व्यवस्थेत अवघड होते. पानिपतावर इब्राहिमखान गारद्याची पलटणे, आणि पुढे महादजी शिंद्यांच्या पदरी द बॉइनने उभी केलेली पलटणे, ही या अडचणीवरची महागडी उत्तरे होती. सरावाचा खर्च उचलणारी तिजोरी ज्याच्यामागे, त्याचा बार लवकर भरला जाई.

८)
डिसेंबर १७७४ मध्ये मुंबईकर इंग्रजांनी ठाण्याला वेढा दिला. साष्टी परत घेण्यासाठी पोर्तुगीज आरमार येत असल्याची वार्ता त्यांच्या कानी आली होती आणि तत्पूर्वी त्यांना साष्टी हवी होती. जनरल गॉर्डनच्या हाताखाली फौज आणि कमोडोर वॉटसनच्या हाताखाली आरमार आले. तोफांनी तटाला खिंडार पाडले, तरी खंदक भरण्याचा पहिला प्रयत्न किल्ल्यातील शिबंदीने उधळून लावला आणि इंग्रजांचे मोठे नुकसान केले. २८ डिसेंबर रोजी दुसऱ्या हल्ल्यात किल्ला पडला आणि शिबंदीची कत्तल झाली. वॉटसनही या वेढ्यात प्राणास मुकला. तटाआडून, पाळीपाळीने आणि भरलेल्या बंदुका एकमेकांस पुरवून लढणाऱ्या शिबंदीपुढे कवायती फौजेचा वेगही थबकू शकतो, हे पहिल्या रात्रीच्या अपयशात दिसते. आणि तो वेग किती काळ थोपवता येतो, हे दुसऱ्या दिवशीच्या निकालात.

९)
सहा वर्षांनी, डिसेंबर १७८० मध्ये, वज्रेश्वरीजवळच्या दुगाडला कर्नल हार्टलीच्या फौजेवर रामचंद्र गणेश यांनी दाट धुक्याचा आडोसा घेऊन चाल केली. या वेळी मराठ्यांकडेही अरब शिपायांबरोबर नोरोन्हा नावाच्या पोर्तुगीज अधिकाऱ्याच्या हाताखालचे कवायती पायदळ होते. धुके एकाएकी विरले. रामचंद्र गणेश धारातीर्थी पडले, नोरोन्हा जखमी झाला आणि चाल मोडली. कल्याण-भिवंडीच्या परिसरात अठराव्या शतकाच्या अखेरीस दोन्ही बाजूंना कवायती बंदूकधारी उभे राहू लागले होते, याचा हा ठळक दाखला.

१०)
आता १८५७. एन्फिल्ड रायफलीच्या नळीत आट्या असत. त्यामुळे गोळी घट्ट बसे आणि ती सहज सरकावी म्हणून कागदी काडतुसाच्या गोळीकडील टोकाला वंगण लावलेले असे. प्रचलित कवायतीप्रमाणे शिपायाने काडतूस तोंडाशी नेऊन दातांनी फाडावयाचे. कारण एक हात बंदूक धरण्यात गुंतलेला. म्हणजे दात हेही बार भरण्याचे एक अवजार होते, आणि कंपनी सरकारने ते गृहीत धरले होते. वंगणात गायीची व डुकराची चरबी असल्याची वार्ता जानेवारी १८५७ मध्ये दमदमहून पसरली, तेव्हा हेच अवजार शिपायाच्या धर्माच्या आड आले.

११)
सरकारला चूक उमगली नव्हती असे नाही. काडतूस दातांऐवजी बोटांनी फाडण्याची कवायत लागू करण्यात आली. परंतु ज्या कृतीत संशय शिरला होता, ती कृती बदलल्याने तो निवण्याऐवजी बळावला. 'काहीच नव्हते, तर बदलले कशाला?' असा प्रश्न छावण्यांतून विचारला जाऊ लागला. २९ मार्चला बराकपूरला मंगल पांडे यांनी शस्त्र उचलले. २४ एप्रिलला मेरठच्या तिसऱ्या घोडदळ पलटणीतील ८५ स्वारांनी काडतुसे घेण्याचे नाकारले. ९ मे रोजी भर परेडवर त्यांच्या पायांत बेड्या ठोकल्या आणि दुसऱ्याच दिवशी मेरठ पेटले. महाराष्ट्रात ३१ जुलै रोजी कोल्हापूरच्या २७ व्या पलटणीने बंड केले. बंडाची कारणे अनेक होती, जमीन महसुलापासून खालसा केलेल्या संस्थानांपर्यंत. ठिणगी मात्र बार भरण्याच्या एका हालचालीवर पडली.

१२)
योगायोग असा की त्याच १८५७ साली अमेरिकेत स्मिथ अँड वेसन या कारखान्याने आपले पहिले रिव्हॉल्व्हर विक्रीस आणले. त्यात .२२ मापाचे धातूचे काडतूस होते. दारू, गोळी आणि पेट घेणारे रसायन, तिन्ही एकाच छोट्या कोशात. ठासणे नाही, फाडणे नाही, दात नाहीत. आज जगभरच्या नेमबाजी स्पर्धांत वापरले जाणारे .२२ लाँग रायफल काडतूस त्याच घराण्यातले, १८८७ च्या सुमाराचे. मेरठच्या परेडवर कागद दातांनी फाडावा की बोटांनी यावर माणसे बेड्यांत अडकत होती, त्याच वर्षी तो प्रश्नच निकालात काढणारे काडतूस जगाच्या दुसऱ्या टोकाला विक्रीस आले.

१३)
धातूच्या कोशामुळे बंदूक मागून भरता येऊ लागली. १८६० च्या दशकात ब्रिटिश फौजेने जुन्या एन्फिल्ड रायफलींचा मागचा भाग कापून त्यांना मागून भरण्याची सोय बसवली. नवी हत्यारे प्रथम गोऱ्या पलटणींना आणि त्यांची जुनी हत्यारे हिंदी पलटणींना, हे धोरण बंडानंतर दीर्घकाळ चालले. पुण्याजवळ खडकीला १८६९ मध्ये दारूगोळ्याचा कारखाना निघाला. स्वातंत्र्योत्तर काळात कल्याणशेजारी अंबरनाथला आयुध निर्माणी उभी राहिली. काडतुसांच्या पितळी कोशांसाठी लागणारे पितळ तिथे आकार घेऊ लागले. कल्याण-डोंबिवलीहून कर्जतकडे जाणारी लोकल रोज या इतिहासाच्या शेजारून धावते.

१४)
काडतूस सुटसुटीत झाले, तसे ते कोणाच्या हाती जावे याची चिंता राज्यकर्त्यांना अधिक वाटू लागली. ठासणीच्या बंदुकीसाठी दारू गावात कुटता येई आणि गोळी चुलीवर ओतता येई. पितळी काडतूस मात्र कारखान्याशिवाय होत नाही. आणि जे कारखान्यातून येते, त्याची मोजदाद ठेवता येते. लॉर्ड लिटनच्या कारकिर्दीत १८७८ चा शस्त्रकायदा आला. परवान्याविना शस्त्र व दारूगोळा बाळगणे हिंदी माणसासाठी गुन्हा ठरले. युरोपियनांना मात्र सवलती होत्या. शस्त्राबरोबर सरावही गेला. परवाना, काडतूस आणि चांदमारीची जागा, तिन्ही सरकारच्या हातात राहिली.

१५)
दरम्यान भरण्याच्या कष्टांवर पुढचा उपाय निघाला तो मॅगझिनचा. १८७९ मध्ये जेम्स पॅरिस ली याने काढता-घालता येणाऱ्या पेटीच्या मॅगझिनचे पेटंट घेतले. पेटीच्या तळाशी स्प्रिंग, तिच्यावर काडतुसांची चळत. वरचे काडतूस उडाले की खालचे आपोआप वर सरकते. ब्रिटिश व हिंदी फौजांची .३०३ रायफल याच कल्पनेवर उभी होती. तिच्या १९०३ नंतरच्या आवृत्तीत पाच काडतुसे एका पत्र्याच्या पट्टीत अडकवून अंगठ्याच्या एका दाबाने मॅगझिनमध्ये उतरवता येत. ही पट्टी म्हणजे वेगळ्या हत्याराचा भाग नसलेले, केवळ भरण्यासाठी बनवलेले साधन. आजच्या लोडरशी तिचे नाते सरळ आहे.

१६)
पिस्तुलात मॅगझिन मुठीच्या आत गेले. जॉन ब्राऊनिंगने आराखडा केलेले १९०० चे पिस्तूल बेल्जियममधील हेर्स्टालच्या एफएन कारखान्यात तयार होई. त्याच्या मॅगझिनमध्ये ७.६५ मिमीची सात काडतुसे मावत. हेच काडतूस .३२ या नावाने ओळखले जाते, आणि भारतीय आयुध निर्माण्यांनी नागरी परवानाधारकांसाठी बनवलेले .३२ पिस्तूल आजही तेच वापरते. जर्मनीच्या ल्युगर पिस्तुलाबरोबर चामडी म्यानात एक छोटे धातूचे हत्यार दिले जाई. ते पेचकस म्हणून चाले; शिवाय त्याच्या भोकात मॅगझिनची बाजूची कळ अडकवून स्प्रिंग खाली ओढता येई. अंगठ्याचा ताण वाचवणारा हा पिस्तुलाचा आद्य लोडर म्हणावयास हरकत नाही.

१७)
या नव्या पिस्तुलाची राजकीय बाजू नाशिकला दिसली. विनायक दामोदर सावरकरांनी लंडनहून वीस ब्राऊनिंग पिस्तुले पाठवली. इंडिया हाऊसमधील स्वयंपाकी चतुर्भुज अमीन यांनी ती पेटीच्या चोरतळात दडवून १९०९ च्या आरंभी मुंबईस आणली. ८ जून १९०९ रोजी बाबाराव सावरकरांना जन्मठेपेची काळ्या पाण्याची शिक्षा झाली. त्यानंतर २१ डिसेंबर १९०९ रोजी नाशिकच्या विजयानंद नाट्यगृहात 'शारदा' नाटकाच्या प्रयोगास आलेले जिल्हाधिकारी जॅक्सन यांच्यावर अनंत लक्ष्मण कान्हेरे यांनी गोळ्या झाडल्या. जॅक्सन जागीच मरण पावले. अनंत कान्हेरे विशीही न गाठलेले विद्यार्थी होते. जॅक्सन संस्कृतचे व्यासंगी आणि लोकांत मिसळणारे म्हणून ओळखले जात. त्यामुळे या घटनेविषयी तेव्हाही एकमत नव्हते आणि आजही नाही.

१८)
तंत्राच्या दृष्टीने पाहता, ठासणीच्या बंदुकीने हे घडणे अशक्यप्राय होते. तिची लांबी लपत नाही आणि पहिला बार चुकल्यावर दुसरा भरण्यास कोणी सवड देत नाही. मॅगझिन पिस्तुलात भरण्याचे सारे कष्ट घरी, बंद दाराआड, आदल्या रात्री उरकता येतात. खिशात मावणाऱ्या आणि आधीच भरून ठेवलेल्या सात-आठ बारांनी बंदूकधारी पलटण आणि एकटा तरुण यांच्यातील जुने अंतर काही सेकंदांपुरते मिटवले. पाच वर्षांनी, १९१४ मध्ये, साराजेव्होला ऑस्ट्रियाच्या युवराजावर झाडल्या गेलेल्या गोळ्याही हेर्स्टालच्याच कारखान्यातील पिस्तुलाच्या होत्या. सरकारने वीसपैकी एकेका पिस्तुलाचा माग इतक्या चिकाटीने का काढला, हे यावरून समजते.

१९)
अनंत कान्हेरे, कृष्णाजी गोपाळ कर्वे आणि विनायक रामचंद्र देशपांडे या तिघांना १९ एप्रिल १९१० रोजी ठाण्याच्या तुरुंगात फाशी देण्यात आली. म्हणजे त्याच किल्ल्यात, जिथे १७७४ च्या डिसेंबरात शिबंदी ठासणीच्या बंदुका भरत तटावर उभी होती. दोन प्रसंगांत १३५ वर्षांचे अंतर आहे. लंडनमध्ये १३ मार्च १९१० रोजी सावरकरांना अटक झाली आणि त्यांच्यावरील आरोपांतही ती वीस पिस्तुले होती.

२०)
भरण्याचे कष्ट नाहीसे होत नाहीत, ते केवळ जागा बदलतात, हे दुसऱ्या महायुद्धात स्टेन गनने दाखवून दिले. डंकर्कनंतर ब्रिटनला हत्यारे त्वरेने व स्वस्तात हवी होती. स्टेन गन पत्रे व नळ्या जोडून लाखोंच्या संख्येने बनवली गेली. तिच्या मॅगझिनमध्ये ३२ काडतुसे दोन रांगांत बसत. परंतु वर येताना दोन रांगांची एक होई आणि तिथे ती अडकत. स्प्रिंग इतकी ताठ, की हातांनी भरणे जिकिरीचे. म्हणून गनबरोबर तरफेचा वेगळा लोडर द्यावा लागला. तरीही अनुभवी शिपाई मॅगझिन पूर्ण न भरता दोन-चार काडतुसे कमीच भरत. हत्याराच्या किमतीत जे वाचले, ते शिपायाच्या अंगठ्याकडून वसूल झाले.

२१)
स्वतंत्र भारतात १९५९ चा शस्त्रकायदा आला आणि तो १ ऑक्टोबर १९६२ पासून अमलात आला. वंशाधारित सवलती गेल्या, परवाना राहिला. नेमबाजी हळूहळू खेळ म्हणून रुजली आणि महाराष्ट्राने त्यात मोठा वाटा उचलला : अंजली भागवत, सुमा शिरूर, तेजस्विनी सावंत, राही सरनोबत, आणि २०२४ च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये कांस्यपदक मिळवणारे स्वप्नील कुसाळे. यांत पिस्तुलाची कहाणी कोल्हापूरच्या राही सरनोबत यांची. २०१८ च्या आशियाई स्पर्धेत २५ मीटर पिस्तूल प्रकारात त्यांनी सुवर्णपदक जिंकले. आशियाई स्पर्धेत नेमबाजीचे सुवर्ण मिळवणाऱ्या त्या पहिल्या भारतीय महिला. १८५७ च्या ज्या कोल्हापुरात पलटण बंडास उठली, तिथल्याच मुलीने त्याच वर्षी जन्मलेल्या .२२ मापाच्या पिस्तुलाने हे साधले.

२२)
आता आरंभीच्या प्रश्नाकडे. लोडर घ्यावा का, आणि कोणता? पहिली पायरी बहुतेकांसाठी १० मीटर एअर पिस्तुलाची असते. स्पर्धेच्या त्या पिस्तुलात छर्रा एकेक करून भरतात. मॅगझिनच नाही, म्हणून लोडरही नको. २५ मीटर प्रकारात .२२ पिस्तुलाच्या मॅगझिनमध्ये एका मालिकेस पाच काडतुसे. स्पर्धेच्या साठ नेमांसाठी मॅगझिन बारा वेळा भरावे लागते, अधिक चाचणीच्या मालिका. एवढे काम अंगठा विनातक्रार करतो. परंतु दिवसाला दोन-अडीचशे बारांचा सराव असेल, तर तोच अंगठा संध्याकाळी चाप ओढणाऱ्या हाताची स्थिरता बिघडवू लागतो. लोडरची गरज स्पर्धेत कमी आणि सरावात अधिक, ती यामुळे.

२३)
लोडर मुख्यतः तीन प्रकारचे. एक, .२२ च्या मॅगझिनसाठी : बाजूची कळ खाली ओढून धरणारा साधा तुकडा, ल्युगरच्या हत्याराचा थेट वारस. दोन, मॅगझिनच्या तोंडावर टोपीसारखा बसणारा आणि चोचीने वरचे काडतूस दाबून धरणारा. तो बहुधा एकाच मापाला बसतो आणि सर्वांत स्वस्त असतो. तीन, तरफेचा, दोन रांगांच्या ताठ मॅगझिनसाठी उपयोगी, अनेक मापांना चालणारा आणि महाग. इस्रायलच्या मॅगलूला कंपनीचा लोडर या तिसऱ्या वर्गातील सर्वपरिचित नमुना. पाच काडतुसांच्या .२२ मॅगझिनसाठी तरफेवर पैसे घालणे म्हणजे ढेकूण मारायला तोफ डागणे होय.

२४)
स्वस्त लोडर निवडताना इतिहासातले तीन अनुभव कामी येतात. पहिला स्टेनचा : सारा भार मॅगझिनच्या ओठांवर येतो. लोडर कडक धातूचा असेल आणि ओठांवर घासत असेल, तर तो काही रुपये वाचवून मॅगझिन खराब करील; मऊ प्लास्टिक झिजले तरी चालते, मॅगझिन झिजता कामा नये. दुसरा एन्फिल्डचा : वंगण. .२२ च्या शिशाच्या गोळीवर मेणाचा पातळ थर असतो. तो लोडरच्या खाचेत साचतो आणि त्यावर धूळ बसते. म्हणून उघडून पुसता येईल असाच लोडर घ्यावा. तिसरा घाईचा : .२२ च्या काडतुसाला तळाशी कडा असते. वरच्या काडतुसाची कडा खालच्याच्या पुढे राहिली पाहिजे. ती मागे गेली तर दोन्ही एकमेकांत अडकतात. काडतुसे ओतून हलवून भरणाऱ्या वेगवान लोडरांत ही चूक सहज घडते. एकेक काडतूस नजरेखालून जाऊ देणारा संथ आणि साधा लोडर इथे सरस ठरतो.

२५)
उरतो प्रश्न पैशांचा. काडतुसे महाग, परवान्याची प्रक्रिया लांब आणि २५ मीटरच्या चांदमारीच्या जागा मोजक्या. ठाणे किंवा डोंबिवलीतील मध्यमवर्गीय घरातून आलेल्या नेमबाजासाठी सर्वांत दुर्मीळ गोष्ट म्हणजे झाडलेल्या गोळ्यांची संख्या. अठराव्या शतकातील सरदारांना जी अडचण होती, तीच नव्या रूपात : सरावाची दारू कोणाच्या खर्चाने जळणार? तेव्हा साधा लोडर घेऊन उरलेले पैसे काडतुसांत घालणे हाच शहाणपणाचा हिशेब. लोडरने वाचवलेली दोन मिनिटे दहा जादा गोळ्यांची बरोबरी करू शकत नाहीत. अपवाद एकच, हाताला दुखापत किंवा सांध्यांचा विकार असणाऱ्यांचा. त्यांच्यासाठी तरफेचा लोडर ही चैन नसून गरज आहे.

२६)
गज, कुपी, कागदी सुरळी, दात, पत्र्याची पट्टी, ल्युगरचे हत्यार, स्टेनची तरफ आणि आजचा प्लास्टिकचा तुकडा, अशी ही रांग आहे. इतिहासग्रंथांत तलवारी आणि तोफांची नावे येतात, त्या भरणाऱ्या हातांची फारशी येत नाहीत. संग्रहालयात ठासणीची बंदूक दिसली, तर नळीखाली खोवलेला तिचा गज जरूर पाहावा. टोकाकडचा भाग वापराने झिजून गुळगुळीत झालेला असतो. आणि ठाणे स्थानकाहून कारागृहाच्या जुन्या तटापाशी गेल्यास एवढे आठवावे, की तटाच्या एकाच बाजूला दोन पिढ्यांनी दोन प्रकारचे बार भरण्याची किंमत मोजली : एका पिढीने दुसरा बार वेळेत भरता न आल्याची, आणि दुसरीने तो फार लवकर भरता आल्याची.